हशा दुसऱ्याच्या नावावर: पिएर एतेक्स

युरोपातल्या सर्कशीत विदूषकांची जोडी असते. त्यातला एक पांढरा. तोंडाला पांढरा रंग, डोक्यावर शंकूच्या आकाराची टोपी, अंगात टिकल्यांचा चमचमता झगा, चालणं ऐटबाज. दुसरा ऑगस्त. लाल नाक, ढगळ कोट, पायाच्या दुप्पट बूट, आणि हात लावेल ती वस्तू बिघडवण्याची खोड. पोरं हसतात ती ऑगस्तला. पांढरा त्याला रागावतो, शिस्त लावू बघतो, तीच गोष्ट पुन्हा करायला लावतो आणि नेमक्या क्षणी थांबतो. त्याचं थांबणं अर्ध्या सेकंदानं चुकलं तरी ऑगस्तचा हशा वाया जातो. एवढं करून घरी परतताना लोकांच्या तोंडी नाव असतं ते लाल नाकवाल्याचं.

पिएर एतेक्स हा फ्रेंच नट आणि दिग्दर्शक जन्मभर आतून हा पांढरा विदूषक होता, असं माझं मत आहे. पडद्यावर तो नायक होता, कॅमेरा त्याच्यावर होता, पडणं-धडपडणंही त्याच्याच वाट्याचं होतं. तरीही त्याचे सिनेमे बारकाईनं पाहिले की दर वेळी जाणवतं, सगळ्यात मोठा हशा तो दुसऱ्या कुणाच्या तरी नावावर लिहून देतो. त्याच्या साऱ्या कारकिर्दीकडे असं पाहिलं की तिच्यातली वेडीवाकडी वळणं मला समजतात. नुसती फिल्मोग्राफी वाचली तर ती फार दुःखी वाटते. पाच सिनेमे, काही लघुपट, एक ऑस्कर, मग एकाएकी शांतता.

एतेक्स २३ नोव्हेंबर १९२८ रोजी मध्य फ्रान्समधल्या रोआन गावी जन्मला. सर्कस लहानपणीच पाहिली आणि विदूषक व्हायचं तेव्हाच ठरलं. पण हातात आधी आली पेन्सिल. चर्चच्या खिडक्यांना रंगीत काचांची चित्रं बसवतात, त्या कामाचं आणि चित्रकलेचं शिक्षण त्यानं एका कारागिराकडे घेतलं. पुढे तो पॅरिसला आला, मासिकांना व्यंगचित्रं देऊ लागला आणि संध्याकाळी कॅबरेत, म्युझिक हॉलमध्ये छोटे विनोदी खेळ करू लागला. काचेचं ते काम मला त्याच्याबाबत फार महत्त्वाचं वाटतं. त्या चित्रात प्रत्येक तुकडा आधी कागदावर आखावा लागतो, मापात कापावा लागतो, आणि शिशाच्या पट्टीत बसला नाही तर शेजारचा तुकडाही बसत नाही. एतेक्सच्या विनोदाची बांधणी नेमकी अशी आहे. पडद्यावर दिसणारी फजिती आयत्या वेळी सुचल्यासारखी वाटते, पण ती कागदावर रेघ न रेघ आखलेली असते.

१९५४ मध्ये त्याची गाठ जाक तातीशी पडली. ताती तेव्हा फ्रान्सचा सर्वांत मोठा विनोदी दिग्दर्शक होता. त्यानं पडद्यावर स्वतःच रंगवलेला, उंच, पुढे झुकून चालणारा, पाइप ओढणारा मस्यू हूलो लोकांचा लाडका झाला होता. पुढच्या सिनेमाच्या तयारीसाठी त्याला चित्र काढणारा आणि विनोद सुचणारा माणूस हवा होता. १९५८ साली आलेल्या ‘माँ ओन्क्ल’ (माझा मामा) या सिनेमासाठी एतेक्सनं ढीगभर रेखाटनं केली, विनोदाच्या जागा शोधल्या, साहाय्यक दिग्दर्शक म्हणून काम केलं आणि पोस्टरही काढलं. त्या सिनेमात एका अतिआधुनिक बंगल्याच्या वरच्या मजल्याला दोन गोल खिडक्या आहेत. रात्री नवरा-बायको त्यांतून डोकी बाहेर काढून बघतात, आणि लांबून पाहणाऱ्याला तो बंगलाच डोळ्यांची बुबुळं फिरवतोय असं दिसतं. यातलं काय कुणाला सुचलं ते वाटून सांगण्यात अर्थ नाही. पण अभिनेत्यानं तोंड वाकडं न करता घर, दिवा, दरवाजा यांच्याकडून हसवायचं, हे शिक्षण एतेक्सला इथं मिळालं. ‘माँ ओन्क्ल’ला ऑस्कर मिळालं आणि त्यानंतर गुरु-शिष्यांचे रस्ते वेगळे झाले.

त्याच काळात तातीच्या कचेरीत आणखी एक तरुण यायला लागला. त्याचं नाव ज्याँ-क्लोद कारिएर. हूलोच्या सिनेमांवरून कादंबऱ्या लिहून घ्यायच्या होत्या. लिहायचं काम कारिएरला मिळालं आणि चित्रं काढायचं एतेक्सला. इथं मराठी वाचकानं थोडं थांबायला हवं, कारण हा कारिएर आपल्या ओळखीचा आहे. पीटर ब्रूकचं ‘महाभारत’ त्यानंच लिहिलं. १९८५ मध्ये आविन्याँच्या नाट्यमहोत्सवात, दगडाच्या एका जुन्या खाणीत ते नऊ तासांचं नाटक पहिल्यांदा झालं. मल्लिका साराभाईंची द्रौपदी त्यातलीच. व्यास सांगतात, गणपती लिहून घेतो आणि एक लहान मुलगा ऐकत बसतो, अशी त्या नाटकाची सुरुवात आहे. तो कारिएर सिनेमाची मुळाक्षरं मूकपटाच्या वळणानं जाणाऱ्या या विनोदी माणसाबरोबर गिरवत होता, हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला फार आनंद झाला. कारिएरनं स्वतः सांगितलेली एक आठवण आहे. तातीनं त्याला सिनेमाचं काय कळतं म्हणून विचारलं आणि थेट संकलक सुझान बारोंच्या खोलीत नेऊन बसवलं. तिनं एका बाजूला पटकथा ठेवली, दुसऱ्या बाजूला फिल्मची रिळं ठेवली आणि सांगितलं की इथून तिथं कसं जायचं, सगळा प्रश्न तेवढाच आहे. एतेक्स आणि कारिएर पुढची दहा वर्षं हाच प्रश्न एकत्र सोडवत बसले.

पहिला लघुपट ‘रुप्त्यूर’ १९६१ चा. प्रेयसीनं संबंध तोडल्याचं पत्र येतं. नायक ठरवतो, तोडीस तोड उत्तर लिहायचं. पण पेन, शाई, कागद, तिकीट, टेबल यांच्यातलं काहीही त्याला ते लिहू देत नाही. दहा-अकरा मिनिटं एक माणूस टेबलाशी झुंजतो आणि शेवटी खिडकीतून खाली जातो. एवढीच गोष्ट. यात शब्द जवळपास नाहीत, पण आवाज आहेत. निबची खरखर, कागदाचा चुरगळा, खुर्चीची कुरकुर हे सगळं जरा जास्तच मोठ्यानं, जरा जास्तच जवळून ऐकू येतं. एतेक्स आवाज नंतर वेगळा रचायचा, आणि माझ्या मते त्याची खरी कमाल तिथं आहे. मूकपटाच्या काळातल्या दिग्गजांकडून त्यानं चाल घेतली, हे तर कुणालाही दिसतं. गंभीर, न हसणारा चेहरा बस्टर कीटनचा आणि नीटनेटका सूट त्याच्याही आधीच्या मॅक्स लिंडरचा. आवाजाचा असा वापर मात्र त्या दोघांना शक्यच नव्हता.

दुसरा लघुपट ‘अरोझानिव्हेर्सेर’ म्हणजे लग्नाच्या वाढदिवसाच्या शुभेच्छा. हा १९६२ चा, आणि यालाच १९६३ मध्ये ऑस्कर मिळालं. घरी बायकोनं टेबल मांडलंय, मेणबत्त्या आहेत. नवरा भेटवस्तू आणि फुलं घेऊन निघालाय. मध्ये आहे पॅरिसची वाहतूक. त्याची गाडी दुसऱ्या एका गाडीमुळे अडकते. त्या दुसऱ्या गाडीचा मालक शेजारच्या न्हाव्याकडे दाढी करत बसलेला. गळ्यात टॉवेल, तोंडाला फेस आणि दाढी अर्धवट, अशा अवस्थेत तो बाहेर येतो आणि गाडी काढतो. पण काढलेली गाडी लावायची कुठं? जागा नाही. मग तो बिचारा फेसाळलेल्या तोंडानं शहरभर घिरट्या घालत राहतो. आपण नायकाच्या काळजीत असतो आणि मध्येच, दुसऱ्याच कुठल्या रस्त्यावर, तो अर्ध्या दाढीचा माणूस पुन्हा दिसतो. पुढे पुन्हा एकदा. लघुपटातला सगळ्यात मोठा हशा त्याला मिळतो. शेवटचा हशा मिळतो बायकोला. ती वाट बघून बघून एकटीच जेवते, वाइनही एकटीच पिते आणि नवरा दारात येईपर्यंत झोपून गेलेली असते. नायक या दोन हशांमध्ये धावपळ करणारा निरोप्या आहे.

पांढरा विदूषक म्हणतो ते हेच. ज्या सिनेमाची कथा आपली, दिग्दर्शन आपलं, प्रमुख भूमिका आपली आणि निर्मितीतही आपण, त्यातली सर्वांत चांगली जागा नाव नसलेल्या पात्राला देणारा नट मला दुसरा पटकन आठवत नाही. चॅप्लिन असं करत नाही. त्याच्या सिनेमात बाकीची माणसं त्याच्याभोवती फिरतात आणि ते त्याला शोभतंही. एतेक्सची जात वेगळी.

पहिला मोठा सिनेमा ‘ल सुपिराँ’ (लग्नाळू) पाठोपाठ आला आणि त्याला लुई देल्युक हा फ्रान्समधला मानाचा पुरस्कार मिळाला. ग्रहताऱ्यांच्या अभ्यासात बुडालेल्या मुलाला आईवडील सांगतात, आता लग्न कर. तो घरात राहणाऱ्या स्वीडिश मुलीला विचारतो, पण तिला फ्रेंच येत नाही. मग साहेब मुलगी शोधायला शहरात उतरतात आणि टीव्हीवरच्या एका गायिकेच्या इतके प्रेमात पडतात की ग्रहताऱ्यांची जागा तिच्या फोटोंनी भरते. तोवर घरातली मुलगी भाषा शिकत असते. गोष्ट साधीच आहे. मला हा सिनेमा आवडतो, पण मी त्याच्यापाशी फार रेंगाळत नाही, कारण त्याच्यानंतर ‘योयो’ आहे.

‘योयो’ १९६५ चा. एतेक्सनं आपलं सगळं काळीज यात ओतलं आहे. सुरुवात होते १९२५ मध्ये, आणि काळाला धरून सिनेमाही मूकपट होतो. एका प्रचंड वाड्यात एक कोट्यधीश राहतो. नोकरचाकर, वादक, नर्तकी, काय हवं ते आहे. त्याला कंटाळा आलाय. कुत्र्याला फिरवायचं तर तो मोटारीत बसतो, खिडकीतून साखळी बाहेर सोडतो आणि मोटार अंगणात गोल फिरते. कुत्रा शेजारून धावतो. संवाद नाहीत, पाट्या आहेत. पण बूट करकरतात आणि दरवाजे कण्हतात. वाड्यातल्या प्रत्येक दरवाजाचा असा लांबलचक आवाज येतो की हा माणूस श्रीमंतीत किती एकटा पडलाय ते वेगळं सांगावं लागत नाही. त्याच्या खणात एका तरुणीचा फोटो आहे. एक दिवस गावात सर्कस येते. तिच्यात घोड्यावरची कामं करणारी बाई तीच निघते, आणि तिच्याबरोबर विदूषकाच्या पोशाखात एक लहान मुलगा आहे. योयो. याचाच मुलगा.

मग १९२९ उजाडतं. शेअर बाजार कोसळतो, बोलपट येतो आणि कोट्यधीश रस्त्यावर येतो. रस्त्यावर आल्यावर त्याला त्याची बायको आणि मुलगा सापडतात. तिघं मोटारीला गाडी जोडून गावोगाव खेळ करत हिंडायला लागतात. गरिबीतल्या सुखाचं कौतुक सिनेमांनी इतकं केलंय की मी त्याला सहसा फसत नाही. इथं मात्र एतेक्स त्यावर भाषण करत नाही. वाड्यात ज्या माणसाच्या पायातले बूट नोकर काढत होते, तो इथं स्वतःच्या हातांनी काम करतो, आणि दरवाजे कण्हायचे थांबलेले असतात. एवढ्यावर तो पुढे निघतो.

योयो मोठा होतो. युद्ध येतं, जातं. तो प्रसिद्ध विदूषक होतो, पुढे टीव्ही येतो आणि प्रसिद्धीला पैशाची जोड मिळते. बापाची आणि मुलाची, दोन्ही भूमिका एतेक्सच्याच आहेत. योयोच्या मनात एकच आहे, तो पडका वाडा पुन्हा उभा करायचा. तो करतोही. मोठी मेजवानी ठेवतो, गावातले बडे लोक येतात. आईवडील आपली जुनी गाडी घेऊन दारापर्यंत येतात आणि आत यायला नकार देतात. त्यांना वाडा नकोय. ते परत फिरतात. आत पाहुण्यांच्या गर्दीत उभा असलेला योयो काय करणार? सर्कशीतला हत्ती येतो, योयो त्याच्या पाठीवर बसतो आणि आपलीच मेजवानी मागे टाकून निघून जातो.

योयोच्या प्रेमाचं पात्र इझोलिना. ते काम क्लोदिन ओझेनं केलंय. त्याच वर्षी ती जेम्स बाँडच्या सिनेमात नायिका होती, त्यामुळे जगानं तिला तिथं पाहिलं. ‘योयो’ कान महोत्सवात गेला, काहींनी डोक्यावर घेतला, काहींना कळला नाही. आज मागे वळून बघताना त्यातला शेवट अंगावर येतो, कारण एतेक्सनं सहा वर्षांनी स्वतः घेतलेला निर्णय त्यात आधीच घेऊन ठेवलेला आहे.

मधल्या वर्षांत ‘ताँ काँ ना ला साँते’ आला. तब्येत ठीक आहे तोवर सगळं ठीक, असा त्याचा साधारण अर्थ. हा तुकड्यातुकड्यांचा सिनेमा. झोप न येणारा माणूस भुताची कादंबरी वाचतो, सिनेमागृहात जाहिराती संपता संपत नाहीत, शहरभर रस्ते फोडणारी यंत्रं लोकांची डोकी हलवतात. झोप न येणाऱ्या माणसाचा भाग मला उत्तम वाटतो, बाकीचे कमीजास्त. एतेक्सही त्याच्यावर खूश नसावा, कारण नंतर त्यानं तो पुन्हा कापून जोडला.

१९६९ च्या ‘ल ग्राँ आमूर’मध्ये (महान प्रेम) मात्र तो पुन्हा फुलला. सासऱ्याच्या कारखान्यात बसणारा, लग्नाला बरीच वर्षं झालेला गृहस्थ नव्या तरुण सेक्रेटरीच्या प्रेमात पडतो. त्याच्या बायकोची भूमिका आनी फ्रातेलिनीनं केली आणि त्याच वर्षी ती प्रत्यक्षातही एतेक्सची बायको झाली. या सिनेमात एक स्वप्न आहे. गृहस्थ पलंगावर झोपलेला आहे आणि पलंग चालू लागतो. खोलीतून बाहेर, मग झाडांच्या रांगेतून जाणाऱ्या शांत खेड्यातल्या रस्त्यावर. पलंग नुसता पुढे जातोय. समोरून दुसरे पलंग येतात. एक पलंग बंद पडलाय आणि पायजम्यातला माणूस त्याच्याखाली शिरून, तेलानं हात काळे करून दुरुस्ती करतोय. एका पलंगावर नवरा-बायको भांडताहेत. पुढे रस्त्याच्या कडेला गाऊनमधली सेक्रेटरी उभी असते. पलंग थांबतो, ती चढते. पाहताना हसू येतं, पण मोठ्यानं नाही. झाडांच्या सावल्या चादरीवरून सरकत असतात आणि आपल्याला क्षणभर वाटतं की हे असंच असतं, रात्री सगळं गाव आपापल्या पलंगावर कुठं ना कुठं निघालेलं असतं.

याच सिनेमात चहाडखोर बायकांचा एक प्रसंग आहे. नायकाची बागेत एका बाईशी अगदी निरुपद्रवी गाठ पडते. एक बाई हे दुसरीला सांगते, दुसरी तिसरीला, आणि प्रत्येक सांगण्याबरोबर तो प्रसंग आपल्याला पुन्हा दिसतो, दर वेळी थोडा अधिक रंगलेला. नायक प्रत्येक आवृत्तीत निमूटपणे त्या त्या बाईच्या कल्पनेप्रमाणे वागतो. हशा पुन्हा एकदा त्या बायकांच्या नावावर. आणि सेक्रेटरीला अखेर जेवायला नेतो तेव्हा साहेबांना कारखान्याखेरीज बोलायला विषयच सुचत नाही. मुलगी कंटाळते. हे दृश्य पाहताना त्याची कीव येते आणि तो आवडूही लागतो.

यानंतर जे झालं त्यानं एतेक्सचा सिनेमा थांबला. १९६९ च्या उन्हाळ्यात एका रेडिओ केंद्राचा गाण्याच्या स्पर्धांचा ताफा फ्रान्सच्या समुद्रकिनाऱ्यांवरून फिरत होता. एतेक्स कॅमेरा घेऊन त्याच्यामागे गेला. सुट्टीवर आलेली माणसं, खचाखच भरलेले किनारे, तंबूंच्या वसाहती, व्यासपीठावर बेसूर गाणारे हौशी गायक, चंद्रावर माणूस उतरला त्याबद्दल काय वाटतं अशा प्रश्नांना लोकांनी दिलेली उत्तरं. त्यातून ‘पेई द कोकान्य’ (सुकाळाचा देश) हा माहितीपट झाला आणि १९७१ मध्ये लागला. टीकाकारांनी त्याला फाडून खाल्लं. हा माणूस सामान्यांची टर उडवतो, त्याला जनतेचा तिरस्कार आहे, असा सूर लागला. सिनेमा लगेच उतरला. निर्मात्यांची दारं बंद झाली.

मी हा सिनेमा पाहून बराच वेळ अस्वस्थ होते. टीकाकारांचं म्हणणं सगळंच खोटं नाही. गाणाऱ्यांचे चेहरे तो फार जवळून घेतो आणि तिथं खरंच टोचतं. पण तिरस्कार? मला तसं वाटत नाही. आजवर तो हशा दुसऱ्यांना देत आला होता, तो स्वतःच्या अंगावर फजिती घेऊन. धडपडणारा कुणीतरी समोर असला की आपण निवांत हसतो. या सिनेमात तो स्वतः जवळजवळ नाहीच. पडणारा नायक काढून घेतला आणि प्रेक्षकाला थेट आरशासमोर उभं केलं. पांढरा विदूषक रिंगणातून निघून गेला आणि ऑगस्त एकटा उरला, तर तो केविलवाणा दिसणारच. चूक असेल तर ती इथं होती. त्याची शिक्षा मात्र एवढी मोठी व्हायला नको होती.

आता योयोचा हत्ती. एतेक्स आनीचा हात धरून सर्कशीत गेला. आनी ज्या फ्रातेलिनी घराण्यातली, त्यातल्या पॉल, फ्रांस्वा आणि अल्बेर या तीन भावांनी पहिल्या महायुद्धानंतरच्या पॅरिसला वेड लावलं होतं. ती पॉलची नात. स्त्रीनं ऑगस्त व्हायची पद्धत तेव्हा नव्हतीच म्हटलं तरी चालेल. लाल नाक, ढगळ कपडे, मोठे बूट हा पुरुषांचा प्रांत. आनी ऑगस्त झाली आणि एतेक्स तिच्यासमोर पांढरा विदूषक म्हणून उभा राहिला. ऑस्कर मिळालेला, तीन-चार सिनेमांचा नायक असलेला माणूस बायकोच्या हशासाठी रोज रात्री नेमक्या क्षणी गप्प बसू लागला. १९७४ मध्ये दोघांनी मिळून पॅरिसमध्ये सर्कशीची राष्ट्रीय शाळा काढली. तोवर सर्कशीची विद्या घराण्यांत होती, बापाकडून मुलाकडे जायची. बाहेरच्या मुलाला कसरत, घोडा, झुला किंवा विदूषकी शिकायची तर दार नव्हतं. या शाळेनं ते उघडलं. फ्रान्समध्ये पुढे जी नव्या पद्धतीची सर्कस बहरली, तिच्या मुळाशी ही शाळा आहे. माझ्या लेखी एतेक्सच्या कारकिर्दीतलं हे काम त्याच्या कुठल्याही सिनेमाइतकंच मोठं आहे. चरित्राच्या टिपणांत ते एका ओळीत उरकलेलं असतं याचं मला वाईट वाटतं.

सिनेमा पूर्ण सुटला असंही नाही. दुसऱ्यांच्या सिनेमांत तो आधीपासूनच अधूनमधून दिसायचा. रोबेर ब्रेसाँच्या १९५९ च्या ‘पिकपॉकेट’मध्ये तो खिसेकापूंच्या टोळीतला एक होता. पाकिटं हातोहात सरकतात ते दृश्य ज्यांनी पाहिलंय त्यांनी त्याची बोटं पाहिली आहेत. फेलिनीच्या विदूषकांवरच्या चित्रपटातही तो आहे. १९८९ मध्ये फ्रेंच राज्यक्रांतीच्या द्विशताब्दीनिमित्त पॅरिसच्या प्रचंड गोल पडद्यासाठी त्यानं एक सिनेमा केला. विषय होता टेकड्याटेकड्यांवर लाकडी हात हलवून निरोप पोचवणारी तारयंत्रणा उभारणारा क्लोद शाप. पटकथेला पुन्हा कारिएर. न बोलता, हातवाऱ्यांनी लांबवर मजकूर पोचवणाऱ्या माणसाची गोष्ट एतेक्सला मोहात पाडणार, यात नवल नाही.

आणि मग सिनेमेच दिसेनासे झाले. याचा मला आजही राग येतो. हक्कांच्या गुंत्यात पाचही सिनेमे आणि लघुपट अडकले. २००४ मध्ये एतेक्स आणि कारिएर यांनी ते पुन्हा प्रदर्शित व्हावेत म्हणून एका कंपनीशी करार केला. त्यातून प्रदर्शन तर झालं नाहीच, उलट सिनेमे पेटीत बंद राहिले. निर्मात्यानं स्वतःचा सिनेमा चार लोकांना दाखवायचा म्हटलं तरी कायदा आड यायचा. ‘योयो’ची प्रत दुरुस्त होऊन २००७ मध्ये कानला दाखवली गेली, तरी सिनेमागृहांत ती पोचू शकली नाही. एका अख्ख्या पिढीनं एतेक्सचं नाव ऐकलं आणि त्याचं काही पाहिलं नाही. कोर्टकचेरी चालू असताना २००९ मध्ये चाहत्यांनी आणि सिनेमावाल्यांनी सह्यांची मोहीम काढली. पन्नास हजारांहून जास्त सह्या जमल्या. १९७१ मध्ये ज्याला लोकांचा तिरस्कार करणारा ठरवलं होतं, त्याच्यासाठी एवढ्या लोकांनी सही केली, ही गोष्ट मला फार भरून आणते. २०१० मध्ये गुंता सुटला, सगळे सिनेमे दुरुस्त होऊन पुन्हा पडद्यावर आले. एतेक्स तेव्हा ऐंशी ओलांडलेला होता.

त्यानंतरची सहा वर्षं त्याला चांगली मिळाली. महोत्सवांत लोक उभं राहून टाळ्या वाजवत. २०११ मध्ये ऑस्करच्या अकादमीनं त्याला लॉस एंजेलिसला बोलावून त्याच्या सिनेमांचा खास कार्यक्रम केला. त्याच वर्षी आकी कौरिस्माकीच्या ‘ल हाव्र’मध्ये त्यानं डॉक्टरचं छोटं काम केलं. रुग्ण बाईला काय आजार आहे ते तिच्या नवऱ्याला सांगायचं नाही, एवढंच गुपित त्याच्याकडे असतं. तिथंही तो शांत उभा आहे, चेहरा जवळजवळ न हलवता, आणि दृश्य त्या बाईचं होतं. १४ ऑक्टोबर २०१६ रोजी पॅरिसमध्ये तो गेला. कारिएर २०२१ मध्ये.

ज्यांनी एतेक्स अजून पाहिला नाही त्यांनी आधी लघुपट पाहावेत, मग थेट ‘ल ग्राँ आमूर’, आणि त्यानंतर ‘योयो’. ‘योयो’ला मात्र मोबाइलच्या टिचभर स्पीकरवर ऐकू नका, हेडफोन लावा किंवा चांगला आवाज असलेल्या ठिकाणी पाहा, म्हणजे पहिल्या अर्ध्या तासातले दरवाजे नीट ऐकू येतील. ‘पेई द कोकान्य’ सगळ्यात शेवटी, आणि शक्यतो कुणाला तरी सोबत घेऊन. संपल्यावर त्याच्यावर भांडायला माणूस लागतो.